मलबारचा गव्हर्नर आणि नागरीतलं एक पान



आजच्या व्याख्यानाचा विषय ऐकून तुमच्यापैकी काहींच्या कपाळाला आठ्या पडल्या असतील. पडायलाच हव्यात. शुकदास महाराजांनी उभ्या केलेल्या या आश्रमात, विवेकानंदांच्या नावानं चालणाऱ्या या आवारात, जिजाऊंच्या जिल्ह्यात, एका डच गव्हर्नराबद्दल तासभर बोलायचं? आपला आणि डचांचा संबंध काय? इंग्रज आपल्या उरावर दीडशे वर्षं बसला, पोर्तुगीज गोव्यात साडेचारशे वर्षं ठाण मांडून राहिला. डच मात्र शाळेच्या पुस्तकात एका ओळीत येतो आणि पुढच्या ओळीत जातो. परीक्षेला एक मार्काचा प्रश्न. तोही ऐच्छिक.

तरी मी हाच माणूस निवडला आहे, आणि त्याला कारण आहे. त्याचं नाव हेन्ड्रिक आद्रियान फान रेडे. १६७० ते १६७७ या काळात तो मलबारचा मुख्य अधिकारी होता. कागदोपत्री त्याचा हुद्दा कमांडरचा, पण सगळे त्याला गव्हर्नरच म्हणतात, आपणही म्हणू. या माणसानं किल्ले जिंकले, तह केले, मिरीच्या गोण्या मोजून घेतल्या. असले गव्हर्नर पैशाला पासरी झाले. पण यानं आणखी एक गोष्ट केली. ज्या मुलखावर तो राज्य करत होता त्या मुलखातल्या माणसांना त्यानं बसवलं, विचारलं, त्यांचं ऐकलं, आणि त्यांनी सांगितलेलं त्यांच्या नावानिशी छापलं. छापलेल्या त्या माणसांत तिघं आपल्या कोकणपट्टीतून गेलेल्या घराण्यांतले, नागरी लिपीत लिहिणारे. म्हणून हा विषय आपला आहे.

आधी डच आपल्या किनाऱ्यावर आले कुठून, ते थोडक्यात. इथल्या काहींनी समुद्र पाहिलाही नसेल, तेव्हा वेंगुर्ल्यापासून सुरुवात करतो. १६०२ साली हॉलंडमध्ये एक व्यापारी कंपनी निघाली, डच ईस्ट इंडिया कंपनी. तिला स्वतःचं सैन्य ठेवायचा, तह करायचा, किल्ले बांधायचा अधिकार होता. म्हणजे म्हणायला कंपनी, वागायला राजा. मुख्य ठाणं जावा बेटावर बटाव्हियाला, आजच्या जकार्ताला. आणि मालक कोण? हॉलंडमधले सतरा संचालक. या सतरा जणांनी आयुष्यात मिरीचा वेल पाहिला नव्हता, पण मिरीचा भाव मात्र तेच ठरवायचे.

या कंपनीचा मोठा वैरी पोर्तुगीज. गोवा एकदम घेता येईना, म्हणून डचांनी गोव्याच्या तोंडाशी गलबतं उभी करून वाट अडवायला सुरुवात केली. पावसाळा सरला की यायचं, पुढचा पावसाळा आला की जायचं. अशी कितीतरी वर्षं. आता समुद्रात महिनोन् महिने उभ्या राहिलेल्या जहाजाला पाणी कोण देणार? तांदूळ, भाजी, मांस कोण देणार? त्यासाठी १६३७ मध्ये त्यांनी विजापूर दरबाराच्या परवानगीनं वेंगुर्ल्याला वखार घातली. तिचे भग्न अवशेष आजही उभे आहेत. झाडांची मुळं भिंतीत शिरली आहेत. सिंधुदुर्गात सहलीला गेलात तर बीचवर जाण्याआधी दहा मिनिटं तिथं घालवा.

वेंगुर्ला हा त्यांचा उंबरठा. खरं घर त्यांना हवं होतं दक्षिणेला, जिथं मिरी पिकते तिथं. आणि इथंच आपला माणूस कथेत येतो.

फान रेडेचा जन्म १६३६ चा. घराणं सरदारी, पण आईबाप लहानपणीच गेले. विशीत तो कंपनीच्या चाकरीत शिरला. सरदाराचा मुलगा शिपाईगिरीला का लागला? धाकट्या पातीच्या मुलाला मान असतो, जमीन नसते, एवढं म्हटलं तरी पुरे. आपल्याकडच्या कितीतरी देशमुखी घरांना हे समजावून सांगायला नको.

त्याचा सेनापती होता फान खून्स. हा माणूस नीट लक्षात ठेवा, पुढे त्याच्याशी आपल्या नायकाचं जन्माचं वाकडं आलं. फान खून्स लहान पोर असताना पूर्वेकडे आला, अनाथ झाला, कंपनीतच वाढला आणि शेवटी कंपनीचा गव्हर्नर-जनरल झाला. हाती पडेल ते तलवारीनं घ्यायचं, ही त्याची रीत. सिलोनच्या किनाऱ्यावरून त्यानं पोर्तुगीजांना हुसकलं, मग मलबारकडे मोहरा वळवला.

१६६२ च्या सुरुवातीला डचांनी कोचीनवर पहिला हल्ला केला. मट्टनचेरीला राजवाड्यापाशी नायर शिपाई इरेला पेटून लढले, शेकडो मेले. गादीवर बसवलेली म्हातारी राणी गंगाधर लक्ष्मी आश्रयाला देवळात गेली होती. तिला ताब्यात घेतलं ते पंचविशीतल्या फान रेडेनं. कोणी म्हणतं कैद केलं, कोणी म्हणतं गर्दीतून वाचवलं. माझ्या मते दोन्ही खरं आहे. राणी जिवंत हाती लागणं कंपनीच्या फायद्याचं होतं, आणि शिपायांच्या तावडीतून तिला जिवंत बाहेर काढणारा कोणीतरी शहाणा तिथं लागत होता. पुढच्या वर्षी, जानेवारी १६६३ मध्ये, कोचीनचा किल्ला पडला. राजा डचांच्या मर्जीतला आला आणि दरबारात कंपनीच्या वतीनं बसायला फान रेडेला नेमलं.

हे दरबारात बसणं फार महत्त्वाचं ठरलं. तरुण शिपाई तिथं काय शिकला? राजा म्हणजे एकटा राजा नव्हे. त्याच्याभोवती नायर सरदार, देवस्थानांचे कारभारी, नंबुद्री, कोकणी व्यापारी, मोपला, ज्यू, सिरियन ख्रिस्ती. एकाला धक्का लागला की दहा जागी हालतं. फान खून्सला हे कधी उमजलं नाही, किंवा उमजून घ्यायचं नव्हतं. फान रेडेला उमजलं.

१६७० मध्ये मलबारचा कारभार त्याच्या हाती आला. आता सरळ बोलतो, कारण गौरव करायला आपण इथं जमलेलो नाही. कारभार होता मिरीचा. तहात लिहिलेलं असायचं की सगळी मिरी कंपनीलाच विकायची, ठरलेल्या भावानं, दुसऱ्या कोणाला नाही. रानातली दालचिनी सोलायची नाही, कारण सिलोनच्या दालचिनीचा भाव उतरेल. माळावर, डोंगरात, रात्री-बेरात्री लोक मिरी लपवून न्यायचे आणि कंपनीची माणसं त्यांच्या मागं धावायची. हमीभावासाठी रस्त्यावर बसलेल्या माझ्या कापूस-सोयाबीनवाल्या शेतकरी बांधवांनो, एकच गिऱ्हाईक असलं आणि भावही त्यानंच ठरवला, तर पिकवणाऱ्याची काय गत होते, ते मी तुम्हाला काय सांगू?

फान रेडेनं हे बंद केलं का? नाही. तो कंपनीचा नोकर होता आणि हे करण्यासाठीच तर त्याला नेमलं होतं. फरक एवढाच की राजांशी शक्यतो बोलून, तह करून, त्यांचा दरबारी मान राखून काम काढावं, असं त्याचं म्हणणं. फान खून्सला मलबार कोलंबोच्या टाचेखाली हवा होता. त्याच्या मनात तर कंपनीची राजधानीच बटाव्हियातून सिलोनला आणायची होती. दोघांची पत्रं संचालकांकडे जात राहिली, एकमेकांविरुद्ध. सरकारी कचेरीत ज्यांनी नोकरी केली आहे त्यांना हा प्रकार ओळखीचा वाटेल. हॉलंडला पत्र जायला सात-आठ महिने, उत्तर यायला तेवढेच. तोवर दोघांनी आणखी दहा पत्रं धाडलेली असायची.

आणि या भांडणाच्या गदारोळातच तो ग्रंथ जन्माला आला, ज्याच्यासाठी आपण फान रेडेला आठवतो. ‘हॉर्टस मलाबारिकस’. मलबारची बाग. बारा खंड, १६७८ ते १६९३ या काळात अ‍ॅम्स्टरडॅमला छापलेले. सातशेहून अधिक वनस्पतींची वर्णनं आणि तांब्याच्या पत्र्यावर कोरून काढलेली ७९४ चित्रं.

एका गव्हर्नराला हे का सुचावं? त्याच्या फुरसतीचा छंद? काही प्रमाणात असेल, त्याला झाडांचं वेड होतं यात शंका नाही. पण कारण अगदी व्यवहारी होतं. कंपनीच्या दवाखान्यांत औषधं यायची युरोपातून. त्यातल्या कितीतरी औषधांचा माल मुळात हिंदुस्थानातून अरबी व्यापाऱ्यांमार्फत युरोपात गेलेला. तिकडे डबीत भरायचा, शिळा करायचा, वर भाडं लावायचं आणि परत इकडे आजारी शिपायाला द्यायचा. फान रेडे म्हणाला, हा काय खुळेपणा? औषध दाराशी उगवतं. आणि दुसरा हेतू राजकारणी होता. मलबार किती संपन्न मुलूख आहे हे संचालकांच्या डोळ्यांत भरवायचं, म्हणजे सिलोनच्या बाजूनं बोलणाऱ्यांचं तोंड बंद होईल. म्हणजे हा ग्रंथ वनस्पतिशास्त्राचा आहे आणि कचेरीतल्या भांडणातला पुरावाही आहे. मला यात काही वावगं वाटत नाही. चांगली कामं शुद्ध हेतूनंच होतात असा नियम कुठं आहे?

आता काम कसं चाललं ते बघा. इथं थोडा थांबणार आहे.

सुरुवातीला फान रेडेच्या मदतीला होता फादर मॅथ्यू नावाचा इटालियन कार्मेलाइट साधू. त्यानं झाडांची चित्रं काढली, टिपणं केली. पण चित्रं कच्ची, माहिती अपुरी. फान रेडेचं समाधान होईना. मग त्यानं रीत बदलली. झाडाला फूल कधी, फळ कधी, हे माहीत असलेली माणसं रानात धाडली. त्यांनी पान, फूल, फळासकट फांदी तोडून आणायची. ती कोमेजण्याआधी चितारी समोर बसून काढणार. आणि त्याच वेळी वैद्य-पंडित सांगणार, याचं नाव काय, मुळी कुठल्या दुखण्यावर, साल कशावर, कशात उगाळायची. ते सांगणं मल्याळममध्ये. तिथून मान्वेल कार्नेरो नावाचा दुभाषा पोर्तुगीजमध्ये आणणार. मग पाद्री कासेआरियुस लॅटिनमध्ये लिहिणार. हा कासेआरियुस तरुणपणी स्पिनोझा या थोर तत्त्ववेत्त्याकडे शिकलेला! हॉलंडमधल्या तत्त्वचिंतकाचा शिष्य कोचीनच्या दमट हवेत घाम पुसत हिंदुस्थानी काढ्यांची वर्णनं लॅटिनमध्ये उतरवतो आहे. इतिहास कधी कधी कादंबरीकाराच्या वरताण करतो, ती अशी.

पण सगळ्यात महत्त्वाचा माणूस या दुभाष्यांच्या आणि पाद्र्यांच्या आधीचा. तो सांगणारा. सांगणारे कोण होते?

चौघांची नावं पहिल्या खंडात प्रतिज्ञापत्रांसह आली आहेत. पहिला इट्टी अच्युतन, चेर्थलाजवळच्या करप्पुरम् भागातला, कोल्लाट घराण्यातला वैद्य. जातीनं ईळवा. त्या काळच्या केरळात ईळवाची सावलीही वरच्या जातींना चालत नव्हती. ताडी काढणारी, नारळाच्या झाडावर चढणारी ही जात. पण त्याच्या घरात पिढ्यान् पिढ्यांची वैद्यकी होती, ताडपत्रांवर लिहिलेली आणि हाताला सवय झालेली. त्यानं आपलं म्हणणं कोलेळुत्तु या जुन्या लिपीत लिहून दिलं.

दुसरे तिघं: रंग भट, विनायक पंडित, आपू भट. हे कोकणी ब्राह्मण, गौड सारस्वत. यांचे पूर्वज पोर्तुगीजांच्या जाचामुळे गोवा सोडून दक्षिणेला गेले. देव पाठीवर घेऊन गेले, असं ती मंडळी आजही सांगतात. कोचीनला त्यांनी बस्तान बसवलं, व्यापार केला, तिरुमल देवाचं मंदिर उभं केलं. पोर्तुगीज तिथंही मागे होतेच. १६६२ चा डचांचा हल्ला फसला तेव्हा डचांना मदत केली म्हणून त्याची झळ या लोकांना लागली, देवळाची नासधूस झाली. पुढे डच आले आणि यांना जरा श्वास घेता आला. या तिघांनी नागरी अक्षरांत, कोकणीत लिहून दिलं की गव्हर्नराच्या सांगण्यावरून आम्ही दोन वर्षं हे काम केलं आणि इथं लिहिलं आहे ते आमच्या वैद्यकग्रंथांप्रमाणे आहे. साल १६७५, महिना एप्रिल.

त्या पानाचं चित्र पाहिलं की पोथी वाचणाऱ्या कोणाही मराठी माणसाचं लक्ष तिथंच अडकेल. जुन्या वळणाची नागरी. ओळी सलग, शब्द तोडून लिहिलेले नाहीत. काही अक्षरं ओळखीची, काही विचित्र. ते अक्षर अ‍ॅम्स्टरडॅमच्या कोरक्यानं कोरलेलं. त्याला त्यातलं एकही अक्षर वाचता येत नसणार, तो फक्त रेघेमागून रेघ गिरवत गेला. खाली त्या तिघांची नावं. युरोपात छापलेल्या पुस्तकात इतकी जुनी नागरी फार थोड्या ठिकाणी सापडेल.

फान रेडेनं ग्रंथाच्या प्रस्तावनेत या पंडितांबद्दल आदरानं लिहिलं आहे. झाडाचं नाव निघालं की ते आधी जुने श्लोक म्हणायचे, मग वाद घालायचे. मतभेद झाले तरी आवाज चढत नव्हता, दुसऱ्याचं बोलणं पुरं ऐकून घेत. हे पाहून तो थक्क झाला. आपल्या आजच्या टीव्हीवरच्या चर्चा त्यानं पाहिल्या नाहीत, हे एक बरं झालं.

मित्रहो, आता माझा मुख्य मुद्दा. नेतृत्व म्हणजे काय? आपण नेत्याला कशावरून मोजतो? त्यानं किती जिंकलं यावरून? किती बांधलं यावरून? फान खून्सनं फान रेडेपेक्षा कितीतरी जास्त जिंकलं. आज त्याचं नाव कोणाला ठाऊक आहे? मी फान रेडेला एका गोष्टीवरून मोजतो. सगळी सत्ता हातात असताना त्यानं ‘मला माहीत नाही’ हे मान्य केलं आणि ज्याला माहीत आहे त्याला विचारलं. त्याच्या दारात तोफा होत्या. तरी झाडाचं नाव तोफेनं कळत नाही, हे त्याला पक्कं समजलं. आणि त्या काळच्या समाजानं ज्याला चार पावलं लांब उभं केलं असतं त्या ईळवा वैद्याचा शब्द आणि पंडिताचा शब्द त्यानं एकाच पुस्तकात, शेजारी शेजारी, सारख्याच वजनानं छापला. तिसरा खंड तर त्यानं कोचीनच्या राजाला अर्पण केला. युरोपातल्या कोणा सरदाराला अर्पण करून चार पैसे मिळवता आले असते.

पण थांबा. एवढ्यात टाळ्या नकोत.

ज्यांनी रानातून फांद्या आणल्या त्यांची नावं कुठं आहेत? नाहीत. चितारी बहुतेक कंपनीचे शिपाई. त्यांतल्या एकदोघांची नावं सापडतात, बाकीचे गेले. पहिल्या खंडाचं मुखचित्र बघा. मध्ये बागेची देवता मांडव-वेलीखाली थाटात बसली आहे, समोर काळी माणसं गुडघे टेकून कुंडीतली रोपं तिला देत आहेत. पुस्तकाच्या आत इट्टी अच्युतनचं नाव आहे, दर्शनी पानावर त्याचे भाऊबंद गुडघ्यावर आहेत. हे दोन्ही एकाच पुस्तकात आहे. एक बघायचं आणि दुसरं झाकायचं, असं आपल्याला करता येणार नाही.

आणि मिरीच्याही खाली कंपनीचा आणखी एक व्यापार होता. माणसांचा. दुष्काळ पडला, लढाई झाली की पूर्व किनाऱ्यावरून, मलबारातून, बंगालमधून बायका-पुरुष-पोरं विकत घेऊन जहाजात भरली जायची. बटाव्हियाला, सिलोनला, आफ्रिकेच्या टोकाला केपला. फान रेडेच्या राज्यातही हे चालू होतं.

त्याच काळी दुसऱ्या एका राज्यकर्त्यानं डचांना काय सांगितलं, ते या जिल्ह्यात सांगितल्याशिवाय मला पुढे जाता येणार नाही. १६७७. शिवाजी महाराज दक्षिण दिग्विजयाला निघाले होते. जिंजी घेतली, तमिळ किनाऱ्यावरचा मुलूख ताब्यात आला. तिथं डचांच्या वखारी होत्या. हर्बर्ट द यागर नावाचा डच वकील, संस्कृत-तमिळ शिकलेला विद्वान माणूस, महाराजांना भेटला. महाराजांनी डचांना व्यापाराचा कौल दिला, सवलती दिल्या. पण एक गोष्ट स्पष्ट लिहिली. पूर्वीच्या राज्यात तुम्ही इथं गुलाम विकत घेत होता, बाहेर नेत होता. माझ्या राज्यात ते चालणार नाही. नेऊ पाहाल तर माझे लोक अडवतील. शब्द माझे आहेत, अर्थ कौलाचा आहे.

तेच साल, १६७७. त्याच वर्षी फान रेडेनं मलबार सोडला, कारण फान खून्स गव्हर्नर-जनरल होण्याच्या वाटेवर होता आणि त्याच्या हाताखाली राहणं याला शक्य नव्हतं. एकाच काळात, एकाच कंपनीला, एकानं झाडांची बाग दाखवली आणि एकानं माणसांचा बाजार बंद करायला सांगितलं. दोघांची तुलना करून एकाला लहान ठरवावं असा माझा हेतू नाही. महाराज सार्वभौम राजे होते, तो पगारी नोकर. पण ‘त्या काळी सगळेच तसं करायचे’ ही पळवाट मात्र या कौलानं बंद होते. सगळे तसं करत नव्हते.

फान रेडेनं या बाबतीत काहीच केलं नाही असंही नाही. १६८४ मध्ये हॉलंडहून संचालकांनी त्याला मोठ्या कामावर परत पाठवलं. कंपनीच्या ठाण्यांत लाचखोरी बोकाळली होती. अधिकारी कंपनीच्या जहाजात स्वतःचा माल भरत होते, हिशेबात घोळ होता. त्याला मुखत्यार नेमून सांगितलं, ठाण्याठाण्याला जा, वह्या तपास, चोर सापडला की काढून टाक. वाटेत १६८५ मध्ये तो केपला थांबला. तिथं कंपनीच्या गुलामांच्या वस्तीत त्यानं पाहिलं की कितीतरी मुलांचे बाप युरोपीय होते आणि मुलं गुलामच. त्यानं नियम घातला: अशा मुलांना शाळेत घाला, हुन्नर शिकवा, आणि मुलगा पंचवीस वर्षांचा, मुलगी बावीस वर्षांची झाली की मोकळं करा. अट ही की डच भाषा यायला हवी आणि चर्चचा धर्म घेतलेला हवा. आणि ज्यांचे आईबाप दोघंही काळे, त्यांच्याशी गोऱ्यांनी लग्न करायला त्यानंच बंदी घातली.

म्हणजे दार उघडलं, पण किती? स्वतःच्या रक्ताला जाता येईल एवढंच. झाडाच्या बाबतीत इतका मोकळा असलेला माणूस, माणसाच्या बाबतीत इथं येऊन अडला. मला विचाराल तर हीच त्याच्या नेतृत्वाची शीव. ज्ञान कोणाकडेही असू शकतं, हे त्याला पटलं. माणूस म्हणून हक्कही कोणाचाही असू शकतो, तिथवर तो पोचला नाही.

तपासणीचं काम त्यानं सात वर्षं केलं. बंगाल, कोरोमंडल, सिलोन, पुन्हा मलबार. जिथं जाईल तिथं अधिकाऱ्यांची झोप उडायची. कोरोमंडल किनाऱ्यावरचं मुख्य ठाणं त्यानं १६९० मध्ये पुलिकतहून नागपट्टणला हलवलं. नागपट्टणच्या भोवती राज्य कोणाचं होतं? तंजावरच्या भोसल्यांचं. व्यंकोजीराजांचे पुत्र शहाजीराजे गादीवर होते. म्हणजे डचांचं पूर्व किनाऱ्यावरचं सगळ्यात मोठं ठाणं एका मराठी दरबाराच्या शेजारी जाऊन बसलं. वेंगुर्ला ते तंजावर, हा डच कुठंही गेला तरी आपलं माणूस त्याला भेटतंच!

१६९१ च्या अखेरीस तो कोचीनहून सुरतेला निघाला. सुरतेच्या वखारीची तपासणी उरली होती. ते काम त्याच्या हातून व्हायचं नव्हतं. १५ डिसेंबर १६९१ रोजी, मुंबईजवळच्या समुद्रात, जहाजावरच तो वारला. वय पंचावन्न. सुरतेच्या अधिकाऱ्यांनी काय केलं? जानेवारी १६९२ मध्ये त्याला थाटात पुरलं आणि पुढे त्याच्यावर दुमजली, घुमटाची टोलेजंग समाधी उभी केली. शेजारच्या इंग्रजांच्या ऑक्झिंडन बंधूंच्या समाधीला खाली मान घालायला लावील अशी. उधळपट्टी तपासायला निघालेल्या माणसाच्या समाधीवर उधळपट्टी. सुरतेला गेलात तर डच कबरस्तानात ती अजून उभी आहे, पुरातत्त्व खात्याच्या ताब्यात.

बाराव्या खंडाची छपाई त्यानं पाहिली नाही. तो १६९३ ला निघाला. फान रेडेच्या मागे ग्रंथाला मात्र नशिबानं साथ दिली. साठ वर्षांनी, १७५३ मध्ये, स्वीडनचा लिनियस वनस्पतींना दोन शब्दी शास्त्रीय नावं देत होता. त्यानं हिंदुस्थान पाहिला नव्हता. इथल्या झाडांसाठी त्यानं समोर ठेवला तो हाच ग्रंथ. बकुळीला शास्त्रात मिम्यूसॉप्स एलेंगी म्हणतात. त्यातलं एलेंगी हे मल्याळी घरातलं नाव, लिनियसनं फान रेडेच्या पानावरून उचललेलं. फान रेडेनं कोणाकडून घेतलं? पुन्हा त्या सांगणाऱ्यांकडेच जावं लागतं.

आणि मग जवळजवळ तीन शतकं हा ग्रंथ ज्यांच्या मुलखाचा, त्यांनाच वाचता येत नव्हता. लॅटिन कोण वाचणार? कालिकतचे वनस्पतिशास्त्राचे प्राध्यापक के. एस. मणिलाल यांनी उभी हयात यात घातली. ज्या ज्या भागातून झाडं गोळा झाली होती तिथं ते स्वतः हिंडले, झाडं पुन्हा शोधली, लॅटिन शिकले, प्रत्येक चित्राचं झाड आज कोणतं ते ठरवलं. त्यांचं इंग्रजी भाषांतर केरळ विद्यापीठानं २००३ मध्ये आणि मल्याळम २००८ मध्ये काढलं. २०२५ च्या पहिल्याच दिवशी ते गेले. गव्हर्नरापेक्षा मणिलाल यांच्यावर एक स्वतंत्र व्याख्यान व्हायला हवं, आणि संयोजकांना मी ते सुचवून ठेवतो.

वेळ होत आली. कृषी महाविद्यालयाच्या मुलांना एक काम सांगतो आणि बसतो. मूळ लॅटिन खंड आता स्कॅन करून इंटरनेटवर फुकट ठेवलेले आहेत, मोबाईलवर उघडतात. पहिला खंड नारळापासून सुरू होतो. मजकूर कळणार नाही, हरकत नाही. चित्रं बघा. अनेक चित्रांवर झाडाचं नाव मल्याळी, अरबी आणि नागरी अशा अक्षरांत कोरलेलं आहे. करंज आहे, बहावा आहे, सप्तपर्णी आहे, बेल आहे. यातली पुष्कळ झाडं पैनगंगेच्या काठानं नाही तर ज्ञानगंगेच्या जंगलात तुम्हाला भेटतील. नागरीतलं नाव वाचा, आणि घरी आजीला विचारा आपल्याकडे त्याला काय म्हणतात, कशावर देतात. ती सांगेल ते वहीत उतरवा, आणि शेजारी तिचं नाव, गाव आणि तारीख लिहा.

आता प्रश्न असतील तर विचारा. मागच्या रांगेतून आधी.